लंडन दिसतं, पुणं नाही

सबमिशनच्या आदल्या रात्री माणूस वाट्टेल ते बघतो. मागच्या सेमला जर्नल पूर्ण करायचं सोडून मी आणि माझी रूमी रात्री दीड वाजता १८९६ सालचं लंडन बघत बसलो होतो. ब्लॅकफ्रायर्स नावाचा पूल. घोड्यांच्या गाड्या येतायत, जातायत. उंच काळ्या टोप्या घातलेली माणसं कडेने चालली आहेत, त्यातली काही कॅमेऱ्याकडे बघतात आणि पुढे निघून जातात. बस्स. स्टोरी नाही, हिरो नाही, आवाज नाही, धड मिनिटभराचंसुद्धा नाही. तरी आम्ही ते चार वेळा बघितलं.

चौथ्यांदा संपल्यावर रूमी (ती बीडची) म्हणाली, "आपल्याकडचं न्हाई का गं असं कायतरी? पुण्याचं?"

"असेल की," मी म्हटलं आणि शोधायला बसले. जर्नल राहिलं ते राहिलंच. पण शोधताना जे सापडलं आणि जे सापडलं नाही, त्याने डोकं इतकं फिरलं की हा लेख लिहितेय. माझं शिक्षण कॉन्व्हेंटमधलं, त्यामुळे ऱ्हस्वदीर्घाचा सगळा भार संपादक मंडळावर. त्यांचे आगाऊ आभार.

कॉन्व्हेंटचा उल्लेख उगाच केलेला नाही. शाळेत आम्ही त्या काळच्या लंडनबद्दल इतकं वाचलं की विचारू नका. धुकं, गॅसचे दिवे, डिकन्सची उपाशी पोरं, शेरलॉक होम्सची घोडागाडी. बेकर स्ट्रीटवर नेऊन सोडलं तर मी रस्ता चुकणार नाही. पण राणी व्हिक्टोरियाच्याच राज्यात बुधवार चौकात उभं राहिलं तर काय दिसायचं? ते मला माहीत नव्हतं, आणि आपल्याला ते माहीत नाही हेही त्या रात्रीपर्यंत कधी जाणवलं नव्हतं. माझी आजी सदाशिव पेठेतली, तरीही!

आधी त्या पुलाबद्दल. तो शूट करणारा रॉबर्ट पॉल हा कोणी कलाकार नव्हता, आपल्यातलाच होता. फिन्सबरी टेक्निकल कॉलेजात शिकलेला, विजेची मापनयंत्रं बनवणारा, म्हणजे सरळ भाषेत इन्स्ट्रुमेंटेशनवाला. १८९४ साली दोन ग्रीक माणसं त्याच्या वर्कशॉपमध्ये आली आणि एडिसनच्या कायनेटोस्कोपची नक्कल करून द्या म्हणाली. कायनेटोस्कोप म्हणजे पेटीला डोळा लावून एकेकट्याने हलतं चित्र बघायचं यंत्र. एडिसनसाहेबांनी इंग्लंडमध्ये त्याचं पेटंटच घेतलं नव्हतं! पॉलने नक्कल केली. मग यंत्रात दाखवायला फिल्म हवी म्हणून एका फोटोग्राफरच्या जोडीने कॅमेरा केला, आणि कॅमेरा झाल्यावर रस्ते, पूल, घोड्यांच्या शर्यती जे हलताना दिसेल ते टिपत सुटला. (असाइनमेंट कॉपी करणाऱ्यांनी यातून नको तो बोध घेऊ नये.) पुढे सिनेमाचा धंदा सोडून गडी परत गॅल्व्हॅनोमीटरकडे वळला. ब्रिटिश सिनेमाचा बाप म्हणून ज्याचं नाव घेतात तो आयुष्यभर मुळात इंजिनिअरच राहिला.

या लोकांनी रस्ताच का धरला, हेही टेक्निकल कारणाने समजतं. फिल्म मंद होती, तिला भरपूर ऊन लागायचं. कॅमेरा तिपाईवर ठेवायचा आणि हाताने हॅण्डल फिरवायचं, सेकंदाला साधारण सोळा फ्रेम्स. ल्युमिए बंधूंच्या यंत्रात मावणारी फिल्म सतरा मीटरची, म्हणजे जेमतेम पन्नास सेकंद. स्टुडिओ नाही, दिवे नाहीत, एडिटिंग नाही. ऊन पाहिजे आणि समोर काहीतरी हलतं पाहिजे. रस्त्यावर दोन्ही फुकट.

ल्युमिएंनी १८९५ साली स्वतःच्याच कारखान्याच्या फाटकासमोर कॅमेरा लावला आणि सुट्टी झालेले कामगार बाहेर पडताना टिपले. त्याच वर्षी २८ डिसेंबरला पॅरिसमध्ये तिकीट लावून खेळ केला. आणि ७ जुलै १८९६ ला, म्हणजे सव्वासहा महिन्यांत, हीच चित्रं मुंबईत वॉटसन हॉटेलात एक रुपया तिकिटाला दाखवली गेली. तेव्हाचा एक रुपया म्हणजे आपल्यासारख्यांना परवडणारा नव्हेच, पण आठवड्याभरात नॉव्हेल्टी थिएटरात खेळ सुरू झाले तेव्हा दर चार आण्यांपर्यंत उतरला. (वॉटसन हॉटेलचा सांगाडा बिडाच्या लोखंडाचा, भाग इंग्लंडमध्ये ओतून जहाजाने आणलेले. काळा घोड्याला गेलात तर सिव्हिलवाल्यांनी जरूर बघावा.)

म्हणजे यंत्र आपल्याकडे उशिरा आलं असं म्हणायला जागा नाही. जगाबरोबरच आलं.

आता एक तारीख सांगते. २२ जून १८९७. राणीच्या राज्यारोहणाला साठ वर्षं झाली त्याचा सोहळा. त्या दिवशी लंडनमध्ये राणीची मिरवणूक निघाली आणि तिच्या वाटेवर डझनावारी कंपन्यांचे कॅमेरे लागले होते. मोक्याच्या गच्च्या आणि खिडक्या भाड्याने घेऊन लोक हॅण्डल फिरवत बसले होते. आपला रॉबर्ट पॉलही होता. त्यातली बरीच रिळं अजून आहेत. घोडेस्वार दिसतात, गर्दी दिसते, छत्री धरलेली राणी दिसते.

त्याच दिवशी रात्री पुण्यात गणेशखिंडीच्या गव्हर्नमेंट हाऊसमध्ये त्याच सोहळ्याची मेजवानी होती. तेच गव्हर्नमेंट हाऊस म्हणजे आज आपल्या मार्कशीटवर जिचं नाव असतं त्या युनिव्हर्सिटीची मुख्य इमारत. मेजवानीहून परतताना प्लेग कमिटीचा प्रमुख रँड आणि लेफ्टनंट आयर्स्ट यांच्यावर चापेकर बंधूंनी गोळ्या झाडल्या. हे आपण सगळे शाळेत शिकलोय, दोन मार्कांना यायचं. पण त्याच्या आधीचे चार महिने डोळ्यांसमोर आणून बघा. प्लेगमुळे रिकाम्या झालेल्या पेठा, घराघरात शिरून झडती घेणारे गोरे सोल्जर, रस्त्यावर काढून टाकलेलं सामान, गावाबाहेरच्या झोपड्यांत हलवलेली माणसं. एका बाजूला हे आणि दुसऱ्या बाजूला रोषणाई. या सगळ्या पुण्याची एक फ्रेमही नाही. रात्रीचा प्रसंग त्या काळच्या फिल्मवर आलाच नसता हे मान्य. पण दिवस तर होता ना? जूनमधलं ढगाळ ऊन धरलं तरी होता.

१९७९ साली नचिकेत आणि जयू पटवर्धन या पुण्याच्या आर्किटेक्ट जोडप्याने '२२ जून १८९७' याच नावाचा मराठी चित्रपट केला. फार संयमी आणि चांगला आहे, हॉस्टेलच्या प्रोजेक्टरवर एकदा लावावा अशी मी रेक्टर मॅडमना विनंती करते. पण तो बघताना सारखं मनात येत होतं की वाडे, पोशाख, रस्ता, दिवे हे सगळं यांना अभ्यासाने परत उभं करावं लागलं. लंडनच्या त्या दिवसावर पिक्चर काढणाऱ्याला नुसतं रीळ लावून बघता येईल.

यावर माझ्या एका मित्राचं म्हणणं असं, की त्यात काय एवढं, राज्य त्यांचं होतं, कॅमेरे त्यांचे होते. अर्धं खरं आहे. मिरवणुकीची फिल्म साहेबाने काढली कारण ती विकली जाणार होती. पण मग साध्या रस्त्यांचं काय? ब्लॅकबर्न नावाच्या गिरणगावात मिचेल आणि केन्यन असे दोन भागीदार होते. १९०० च्या आसपास त्यांचा धंदा असा, की गिरणी सुटायच्या वेळेला फाटकासमोर कॅमेरा लावायचा, बाहेर पडणाऱ्या शेकडो कामगारांना टिपायचं, आणि मग जत्रेत किंवा हॉलमध्ये तीच फिल्म त्यांनाच तिकीट लावून दाखवायची. या आणि स्वतःला बघा! लोक यायचे. आपण पडद्यावर कसे दिसतो हे बघायला कोण येणार नाही? गॅदरिंगच्या व्हिडिओत आपण स्वतःचा कोपराच शोधत असतो. शालीवाल्या बायका, चिमण्या पोरी, टोप्या उडवणारी पोरं, कॅमेऱ्यापुढून मुद्दाम तीनतीनदा जाणारे हौशी लोक, असा गोतावळा त्यात सापडतो. त्यांना कोणी थोर समजून टिपलं नव्हतं. चार पेनी सुटतील म्हणून टिपलं होतं.

आणि ही रिळंसुद्धा कोणी जपली म्हणून उरलेली नाहीत. १९९४ साली त्यांच्या जुन्या दुकानाच्या तळघरात कामगारांना धातूची तीन पिंपं मिळाली, त्यात सुमारे ८०० रिळं. पिंपं भंगारात जायची ती एका शहाण्या माणसामुळे वाचली. आज त्या काळातल्या सामान्य इंग्लिश माणसाचा चेहरा कसा हलायचा, कसा हसायचा हे जगाला कळतं ते मुख्यतः त्या तीन पिंपांमुळे. त्यामुळे साहेबाची शिस्त वगैरे कौतुक ऐकलं की मला हसू येतं. निम्मं नशीब आहे.

मग आपल्याकडे कोणी केलंच नाही का? केलं. आणि मराठी माणसाने केलं. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, ऊर्फ सावेदादा. मुंबईत फोटोग्राफीचा धंदा. ल्युमिएंचे खेळ बघून त्यांनी विलायतेतून रायली कंपनीचा कॅमेरा मागवला, किंमत एकवीस गिनी. १८९९ साली हँगिंग गार्डनवर पुंडलीकदादा आणि कृष्णा न्हावी या दोन पैलवानांची कुस्ती त्यांनी टिपली. ती भारतीय माणसाने काढलेली पहिली फिल्म म्हणून ओळखली जाते. त्याच सुमाराला माकडं खेळवणाऱ्या मदाऱ्याची फिल्म केली. टिपलेली फिल्म धुवायला लंडनला पाठवायची आणि बोटीने परत यायची वाट बघायची. (आपण रील अपलोड व्हायला दोन मिनिटं लागली तर वायफायच्या नावाने खडे फोडतो.) पुढे पारशांच्या अग्यारीच्या जीर्णोद्धाराची फिल्म, १९०३ साली कर्झनच्या दिल्ली दरबाराची फिल्म.

कुस्ती, मदारी, अग्यारी. ही यादी मला फार आवडते. समोर पौराणिक कथा होत्या, नाटकं होती, संगीत होतं, आणि या माणसाने कॅमेरा बाहेर काढून मैदानातल्या कुस्तीवर आणि मदाऱ्यावर लावला. आपण भारतीय सिनेमाची सुरुवात सांगताना १९१३ चा 'राजा हरिश्चंद्र' सांगतो, आणि फाळकेंबद्दल मला आदरच आहे. त्यांनीही त्याआधी, १९१२ साली, कुंडीतल्या वाटाण्याचं रोप उगवताना फ्रेम-फ्रेमने टिपलं होतं, ही गोष्ट आपल्या बायोटेकवाल्यांना आवडेल. पण पहिली कथा कोणाची यावर भांडणारे आपण, पहिला रस्ता कोणाचा हे विचारत नाही. सावेदादा पुस्तकांत दोन ओळींत उरकले जातात.

त्यांची एक फिल्म मात्र इंजिनिअरिंगच्या प्रत्येक पोराने माहीत करून घ्यावी अशी आहे. डिसेंबर १९०१. रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे केंब्रिजहून परत आले. दापोलीजवळच्या मुर्डीचा मुलगा, फर्ग्युसनचा विद्यार्थी, १८९९ साली केंब्रिजच्या गणिताच्या परीक्षेत पहिला, म्हणजे सीनियर रँग्लर. हा मान मिळवणारा पहिला भारतीय. त्यांच्या स्वागताला मुंबईत गर्दी जमली आणि सावेदादांनी ती टिपली. भारतातली पहिली बातमीफिल्म म्हणून ती सांगितली जाते.

जरा विचार करा. या देशातली पहिली न्यूज कुठल्या राजाची नव्हती, नटाची नव्हती, क्रिकेटरची तर नव्हतीच. गणिताच्या पेपरात पहिल्या आलेल्या मराठी पोराची होती! लोक त्याला बघायला किनाऱ्यावर आले होते. एम-थ्रीला दुसऱ्यांदा बसलेली मी हे वाचून दहा मिनिटं गप्प होते. आणि परदेशात मोठ्या नोकऱ्या मिळत असताना हा माणूस परत आला तो पुण्यात फर्ग्युसनला शिकवायला, पुढे वीसेक वर्षं तिथे प्रिन्सिपॉल राहिला. गोरा साहेब टिपायचा तो राजवाडे, हत्ती, घाट आणि दरबार. भाटवडेकरांनी टिपावासा वाटला एक गणितज्ञ. कॅमेरा कोणाच्या हातात आहे याने एवढा फरक पडतो.

आता दुःखाची गोष्ट. ती फिल्म नाही. कुस्ती नाही, माकडं नाहीत, अग्यारी नाही. सावेदादा स्वतः १९५८ पर्यंत जगले, नव्वदीत गेले. म्हणजे माणूस स्वातंत्र्य बघून गेला आणि त्याचं काम त्याच्या आधीच संपलं होतं. त्या फिल्म्सची नुसती नावं उरलीत.

कारण समजून घ्यायचं तर केमिस्ट्री लागते. त्या काळची फिल्म सेल्युलोज नायट्रेटची. गनकॉटनची सख्खी चुलत बहीण. जळायला बाहेरचा ऑक्सिजन तिला लागत नाही, तो तिच्या रेणूतच असतो, त्यामुळे एकदा पेटली की पाण्यातही जळते. नाही पेटली तरी शांत बसत नाही. हळूहळू विघटन होतं, नायट्रोजनची ऑक्साइड्स सुटतात, दमटपणात त्यांचं आम्ल होतं, आणि ते आम्ल विघटन आणखी वाढवतं. आधी चिकट होते, मग फुगते, शेवटी तपकिरी भुकटी. हे युरोपच्या थंडीत व्हायला वेळ लागतो, मुंबईच्या जुलैत लागत नाही. वर पुन्हा त्यातली चांदी काढून विकायची सोय! आपल्याकडे तेराशेहून जास्त मूकपट झाले, त्यातले वाचलेले, तेही अनेक अर्धेमुर्धे, आपल्या एका डिव्हिजनच्या निम्म्या रोल नंबरांत मावतील.

आणि हे सगळं जिथे सांभाळायचं ते ठिकाण कुठे आहे? आपल्याच गावात. लॉ कॉलेज रोडला. १९६४ साली राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय पुण्यात सुरू झालं. पी. के. नायर यांनी आयुष्य घालून, गावोगावच्या गोदामांतून आणि माळ्यांवरून डबे गोळा केले. फाळकेंचं जे काही आज आपल्याला दिसतं ते बऱ्याच अंशी त्यांच्यामुळे. २०१६ साली ते पुण्यातच गेले. पण जपायच्या जागीही नायट्रेट नायट्रेटच असतं. ८ जानेवारी २००३ ला एफटीआयआयच्या आवारातल्या, संग्रहालयाची नायट्रेट रिळं ठेवलेल्या व्हॉल्टला आग लागली आणि शेकडो जुन्या चित्रपटांची हजारो रिळं गेली. बऱ्याच चित्रपटांच्या सेफ्टी फिल्मवरच्या कॉपी आधीच वेगळ्या ठेवल्या होत्या, म्हणून ते आज आहेत. ज्यांची कॉपी नव्हती ते संपले.

एफटीआयआय म्हणजे आधीचा प्रभात स्टुडिओ. तिथेच १९३७ साली शांतारामबापूंनी 'कुंकू' केला, आणि त्यात शकुंतला परांजपे यांनी काम केलं. त्या रँग्लर परांजप्यांच्या कन्या. आणि शकुंतलाबाईंची मुलगी म्हणजे 'स्पर्श', 'कथा', 'चष्मे बद्दूर' काढणाऱ्या सई परांजपे. आजोबा पहिल्या बातमीफिल्ममध्ये, मुलगी प्रभातच्या पडद्यावर, नात कॅमेऱ्यामागे. एका पुणेरी घरात सिनेमाचा एवढा इतिहास, आणि त्यातलं पहिलंच रीळ गायब.

इथे आपल्या फील्डचा एक मुद्दा काढते. यूट्यूबवर हल्ली जुनी लंडन-पॅरिस रंगीत करून, साठ फ्रेम्सची करून, टापांचा आवाज घालून टाकतात. बघायला मस्त वाटतं, आमच्याही रूमवर 'वॉव' झालं. पण हिशोब करा. सोळाची साठ केली म्हणजे दर सेकंदाला चव्वेचाळीस फ्रेम्स कधी घडल्याच नाहीत, त्या मशिनने अंदाजाने भरल्या. पुलावरच्या बाईचा झगा निळा होता हे कोणी सांगितलं? आणि आवाज तर कोणी रेकॉर्डच केलेला नव्हता. इमेज प्रोसेसिंगच्या सरांना मी हे विचारलं तर ते म्हणाले, इंटरपोलेशनला दोन्ही बाजूंना खरे पॉइंट लागतात. तेच तर. लंडनच्या दोन फ्रेम्समध्ये काय भरायचं यावर लोक पेपर पब्लिश करतायत, आपल्याकडे अलीकडचा पॉइंटही नाही आणि पलीकडचाही नाही. उद्या कोणीतरी एआयला सांगून '१८९७ चं पुणं' बनवेल, लोक ते खरं समजून फॉरवर्ड करतील, आणि खोटं आहे हे दाखवायला आपल्याजवळ खरं काहीच नसेल. मला याची जास्त भीती वाटते.

नुसतं असून भागत नाही, नाव नीट लागतं हेही सांगायला हवं. भारतातल्या सगळ्यात जुन्या उरलेल्या फिल्म्सपैकी एक आहे १८९९ ची, नाव 'कलकत्त्याचा देखावा'. नावेतून टिपलेले घाट, पायऱ्या, आंघोळ करणारी माणसं. ते कलकत्ता नाहीच, बनारस आहे! विकणाऱ्याने डब्यावर काय वाटेल ते छापलं.

हे वाचून मी हसले होते. पण मग हा लेख लिहायच्या नादात आपल्या कॉलेजच्या गॅदरिंगच्या जुन्या टेप्स बघाव्या म्हणून ऑडिओ-व्हिज्युअल रूममध्ये गेले. मामांनी कपाट उघडून दिलं. खाली एका खोक्यात एकवीस व्हीएचएस कॅसेट. कागदावर पेनने 'गॅदरिंग - २', 'इनॉग.', 'जनरल'. साल नाही, नाव नाही. सात कॅसेटना पांढरी बुरशी. चालवायला व्हीसीआर नाही, तो मागेच स्क्रॅपमध्ये गेला. "जनरल म्हणजे काय हो मामा?" विचारलं. मामा म्हणाले, "कॉलेज भरताना काढलेलं असंल, बाई. लोक येत्यात, जात्यात. काय नाय त्यात."

लोक येत्यात, जात्यात. ब्लॅकफ्रायर्सच्या पुलावर तरी दुसरं काय होतं?

आणि माझंच सांगते. मागच्या मे महिन्यात आपली जुनी मेस पाडली. पत्र्याची, कळकट, उन्हाळ्यात भट्टी. कोणालाही वाईट वाटलं नाही, मलाही नाही. परवा फोनमध्ये शोधलं तर माझ्याकडे त्या मेसचा एकूण अकरा सेकंदांचा व्हिडिओ आहे. वाढदिवसाचा. फोकस केकवर. मागून पोळ्यांची परात घेऊन मावशी जातात, त्यांचा फक्त खांदा आणि हात येतो. अडीच वर्षं रोज त्यांच्या हातचं खाल्लं. त्या आता मुलाकडे गावी गेल्या. साडेतीनशे जणी जेवायचो तिथे, प्रत्येकीच्या हातात कॅमेरा, आणि मी सात जणींना विचारलं तर मावशींचा चेहरा एकीकडेही नाही. सेल्फी ढिगाने आहेत. सावेदादांच्या काळात फिल्म महाग होती म्हणून कमी टिपलं गेलं हे मी समजू शकते. आपलं काय कारण आहे?

म्हणून माझी मागणी. दर सेमला एक दिवस, परीक्षा नाही, फेस्ट नाही, असा कुठलाही फालतू मंगळवार. सकाळी पावणेदहाला मेन गेटवर कॅमेरा स्थिर ठेवायचा आणि दहा मिनिटं हलवायचा नाही. मग कॅन्टीन, वर्कशॉप, रीडिंग रूम, मेस, संध्याकाळचा कट्टा, बाहेरची चहाची टपरी. म्युझिक नाही, स्लो मोशन नाही, फिल्टर नाही. फाइलच्या नावात तारीख, जागा आणि काढणाऱ्याचं नाव. तीन कॉपी, तीन वेगवेगळ्या जागी, एक नक्की लायब्ररीत, आणि दर पाच वर्षांनी नव्या डिस्कवर उतरवायची जबाबदारी लायब्ररीच्या रजिस्टरमध्ये लिहून. हार्ड डिस्कही नायट्रेटची बहीणच आहे, फक्त पेटत नाही. लेडीज हॉस्टेलच्या कॉरिडॉरमध्ये कॅमेरा नको हे मलाही मान्य आहे, आणि कुठे लावणार ते आदल्या दिवशी नोटीस बोर्डावर लागलं पाहिजे. ज्याला फ्रेममध्ये यायचं नाही त्याने मागच्या गेटने यावं. ज्यांना तीनतीनदा यायचंय ते येतीलच.

एकवीस कॅसेटचंही बघायला हवं. डिजिटल करून देणारे लोक पुण्यात आहेत, सोशल सायन्सच्या मॅडमनी एक पत्ता काढलाय. खर्च मॅगझिन फंडातून बसतो का ते खजिनदाराने बघावं. 'जनरल' आधी द्यावी असं माझं मत.

कॅमेरा म्हणून रूमीचा फोन चालेल, ती तयार आहे. ट्रायपॉड मी बघून ठेवलाय. सर्व्हेइंग लॅबमध्ये थिओडोलाइटचे चार तसेच पडून असतात, हलवून बघितले, भक्कम आहेत. त्यावर फोन बसवायला ॲडॅप्टर लागेल, तो वर्कशॉपमध्ये लेथवर करून घेता येईल. सिव्हिलच्या सरांना विचारायचं बाकी आहे.